डेल्फ्टची रेल्वे

माणसाच्या हातून निखळ पुण्य आयुष्यात एकदाच घडतं, असं माझं मत आहे. माझ्या हातून ते दोन हजार सतरा सालच्या जून महिन्यात, डेल्फ्ट नावाच्या डच गावात, सायकलींच्या स्टँडजवळ घडलं. त्या वेळी माझ्या एका हातात सासऱ्यांची छत्री होती आणि दुसऱ्या हातात चकल्यांची पिशवी, त्यामुळे पुण्य तोंडानंच करावं लागलं.

त्या दिवशी सकाळी आमच्या सहलीची बस रॉटरडॅमकडे निघाली, तेव्हा उजव्या हाताचा कालवा रस्त्यापेक्षा उंच होता.

"बघा," नाना म्हणाले. "पाणी वर, आपण खाली."

"आणि हे सुरक्षित आहे?" मागच्या सीटवरून गुळवणींनी विचारलं.

"त्रेपन्न साली एकदा समुद्र आत आला होता. मग ह्यांनी समुद्रालाच दारं लावली. आपल्याकडे कृष्णा घरात आली की आपण समिती नेमतो."

"समितीचं काम वेगळं असतं," गुळवणी म्हणाले. ते स्वतः दोन समित्यांवर होते.

नाना म्हणजे माझे सासरे, विश्वनाथ आळतेकर. सांगलीचे. पाटबंधारे खात्यातून कार्यकारी अभियंता म्हणून निवृत्त, वय अठ्ठ्याहत्तर. गुळवणी साताऱ्याचे, निवृत्त जिल्हा न्यायाधीश. त्यांचा मुलगा आणि माझा मेहुणा समीर, दोघंही अॅमस्टेलवेनमध्ये एकाच इमारतीत राहायचे. त्या गावात आपली पोरं इतकी झाली आहेत की उन्हाळ्यात त्यांचे आई-वडीलही झुंडीनं येतात. तीन महिन्यांचा व्हिसा असतो. पहिला महिना ती माणसं सगळ्याचं कौतुक करतात आणि दुसऱ्या महिन्यात सुनेच्या स्वयंपाकघरातले डबे नव्यानं लावायला घेतात. म्हणून तिथलं मराठी मंडळ बरोबर दुसऱ्या महिन्यात एका दिवसाची 'आई-बाबा सहल' काढतं. रॉटरडॅम, डेल्फ्ट, हेग, संध्याकाळी परत. मी आणि माझी बायको मंजिरी पंधरा दिवसांसाठी गेलो होतो. आम्ही आई-बाबांत मोडत नव्हतो, पण दोन जागा उरल्या होत्या.

तेवीस प्रवाशांत हॉलंडला आधी येऊन गेलेला माणूस एकच होता. त्र्याहत्तर साली सरकारनं नानांना पाण्याच्या शिक्षणासाठी अकरा महिने डेल्फ्टला पाठवलं होतं. सांगलीच्या घराच्या पाटीवर 'बी. ई.'पुढे कंसात 'डेल्फ्ट' लिहिलेलं होतं. नव्या पोस्टमनला ते आडनाव वाटे. माझ्या लग्नाला तेव्हा एकवीस वर्षं झाली होती आणि एकवीस वर्षं मी त्या कंसाखाली राहत होतो. मी नळाचा वायसर बदलला की नाना बाजूला उभे राहून म्हणत, "डेल्फ्टला असं नाही करत." स्कूटर लावली, छत्री मिटली, कलिंगड कापलं, तरी तेच. मी कोल्हापूरच्या कॉलेजात तर्कशास्त्र शिकवत होतो. वर्गात विद्यार्थी सात. त्यावर मात्र ते काही म्हणत नसत. डेल्फ्टला तर्कशास्त्र नसावं.

मंजिरीची गोष्ट निराळी होती. तिचा जन्म त्र्याहत्तरच्या नोव्हेंबरातला, मिरजेचा, आणि तेव्हा नाना डेल्फ्टला. आपल्या जन्माची हकिकत तिला पाठ होती आणि ती तिला आईकडून नाही, नानांकडून मिळाली होती. डेल्फ्टमध्ये गावातून उंच पुलावरून रेल्वे जायची. नाना त्या पुलासमोरच्या घरात, माडीवर, एका म्हाताऱ्या डच विधवेकडे राहायचे. गाडी आली की घर हादरायचं, कपबश्या वाजायच्या, आणि म्हातारी बोलणं न थांबवता किटलीच्या झाकणावर बोट ठेवायची. मुलगी झाल्याची तार आली तेव्हा नेमकी गाडी चालली होती. नाना म्हणाले, "मुलगी!" म्हातारीला ऐकू गेलं नाही. परत म्हणाले, नाही. तिसऱ्यांदा ओरडले तेव्हा गाडी निघून गेली होती आणि ते सगळ्या गल्लीनं ऐकलं. समोरच्या पाववाल्यानं खिडकीतून टोपी काढली.

ही गोष्ट मंजिरीनं मला आमच्या दुसऱ्या भेटीत सांगितली होती. आमच्या मुलाला तर ती त्याच्या जन्माच्या गोष्टीच्या आधी ठाऊक होती.

रॉटरडॅमनं आम्हांला गार केलं. आमची गाइड मार्लीस, तीस-बत्तीसची, उंच, सायकलवरून थेट बसमध्ये आल्यासारखी. तिनं इंग्रजीत सांगितलं, की चाळीस साली बॉम्ब पडले आणि गावाचं पोटच गेलं. मग लोकांनी ठरवलं, जुनं तसंच्या तसं नाही बांधायचं, नवं बांधायचं. आणि त्यांनी बांधलंय असं, की बघणाऱ्याची मान दुखावी. बाजार भरतो तो एका प्रचंड कमानीच्या पोटात. कमानीच्या आतून छतभर फळं आणि फुलं रंगवलेली, आणि कमानीच्या जाडीत माणसं राहतात. घरातल्या खिडकीतून खाली बघायचं आणि भेंडी आहे का ते ठरवायचं. पलीकडे पिवळी घरं होती, चौकोनी ठोकळे एका कोपऱ्यावर उभे केल्यासारखी तिरकी.

"ह्यांना भोगवटा प्रमाणपत्र दिलं कोणी?" गुळवणी मान तिरकी करून म्हणाले.

"ज्याला धाडस होतं त्यानं," नाना म्हणाले. ते त्या घरांकडे बघत नव्हते. ते नदीवरच्या पांढऱ्या पुलाकडे बघत होते. एका बाजूला एकच खांब, मागे झुकलेला, आणि त्याच्या तारांवर अख्खा पूल पेललेला. "जावईबापू, हा हिशेब करणारा माणूस त्या रात्री शांत झोपला असेल असं वाटतं तुम्हांला?"

मी म्हटलं, "झोपला असेल. इथं सगळे झोपतात."

"इथं पाणी सांगितल्यासारखं वागतं," नाना म्हणाले, "म्हणून झोपतात." आणि त्यांनी मला पहिल्यांदाच, डेल्फ्टचं नाव न घेता, स्वतःच्या डब्यातली चकली दिली.

बस डेल्फ्टकडे वळली तशी मंडळींनी मार्लीसला सांगितलं, की डेल्फ्ट आमचे आळतेकर दाखवतील, ते तिथले आहेत. तिनं हसून माइक नानांच्या हातात दिला. नाना उठले, सीटच्या पाठीला धरून उभे राहिले आणि मराठीत बोलले. पंधरा मिनिटं. पवनचक्की सांगितली, तिच्या पात्याला हात लावावा इतक्या जवळून जाणारी रेल्वे सांगितली, म्हातारी सांगितली, किटलीचं झाकण सांगितलं. "बसमधून उतरलं की आधी रेल्वेचा पूल दिसेल. चुकायचं म्हटलं तरी चुकणार नाही. गावाला कमरपट्टा बांधावा तसा आहे." मंजिरी माझ्या शेजारी बसून ओठ हलवत होती. तिला पुढचं वाक्य आधी येत होतं.

मार्लीसला मराठीचं अक्षर कळत नव्हतं. ती मान डोलवत होती. हे लक्षात ठेवावं.

बस थांबली. मार्लीस म्हणाली, मी पुढे चौकात जाऊन जेवणाची टेबलं धरते, तुम्ही मिस्टर आळतेकरांबरोबर अर्ध्या तासात या. ती गेली. आम्ही तेवीस जण नानांच्या मागून निघालो. एक वळण, दुसरं वळण, आणि पवनचक्की आली. विटांची, उंच, चारी पाती जागच्या जागी. बायकांनी लगेच फोटोला सुरुवात केली.

नाना पवनचक्कीकडे पाठ करून उभे राहिले.

समोर रुंद, नवा, स्वच्छ रस्ता होता. कडेला कोवळी झाडं, काठ्यांना बांधलेली. पुढे थोडं पाणी. सायकलींचा स्टँड, त्यात हजारभर सायकली. रेल्वे नव्हती. पूल नव्हता. पुलाचा खांब, खांबाचा दगड, दगडाची खूण, काही नव्हतं. आकाश मात्र भरपूर होतं.

"इकडून असेल," नाना म्हणाले आणि पवनचक्कीला वळसा घालून आले. मग दुसऱ्या बाजूनं गेले. त्यांची छत्री मी घेतली.

"आळतेकर," गुळवणी म्हणाले, "रेल्वे कुठाय?"

"इथंच होती."

"इथंच म्हणजे नेमकी कुठं? आपण उभे आहोत तिथं?"

"आपल्या डोक्यावर."

गुळवणींनी वर पाहिलं. सगळ्यांनी वर पाहिलं. एक बगळा गेला.

"तुम्ही राहत होता ते घर?"

नानांनी समोरच्या ओळीकडे बोट केलं. बोट एका घरावर थांबलं, शेजारच्यावर गेलं, परत आलं. "ह्यातलंच. समोर खाली पाववाला होता."

"समोर तर रस्ता आहे."

"जज्जसाहेब, त्रेचाळीस-चव्वेचाळीस वर्षं झाली."

"घर बदलेल, मान्य. पाववाला मरेल, मान्य. पण रेल्वे ही काय हरवायची वस्तू आहे?" गुळवणींचा सूर वाईट नव्हता. त्यांना फक्त सवय होती. "पवनचक्क्या ह्या देशात पावलोपावली आहेत. तुमचं गाव हेच कशावरून? काही कागद? फोटो? प्रमाणपत्र?"

"पाच सालच्या पुरात गेलं सगळं. पाणी माळ्याला लागलं होतं."

"म्हणजे पाण्याच्या शिक्षणाचा पुरावा पाण्यानंच नेला," गुळवणी म्हणाले, आणि आठ-दहा जण हसले. वाईट मनानं नाही. सहलीत माणसं कशालाही हसतात.

नाना हसले नाहीत. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला आणि आकाशाच्या त्याच तुकड्याकडे बघितलं.

आता माझा विषय तर्कशास्त्र. पूल असलेली रेल्वे ज्या गावात होती, त्या गावात नाना राहत होते. ह्या गावात रेल्वे नाही. पुढचं वाक्य माझे सातही विद्यार्थी बरोबर लिहितील. मला एकदम बाकीचंही आठवायला लागलं. एकवीस वर्षांत एक फोटो पाहिला नव्हता. डच भाषेचे दोन शब्द सोडून तिसरा ऐकला नव्हता. सकाळी मार्लीसनं डचमध्ये काही विचारलं तेव्हा नानांनी नुसतं हसून चालवलं होतं. आणि अकरा महिने! डेल्फ्टला नव्हते तर अकरा महिने हा माणूस होता कुठं? बायको मिरजेला बाळंत होत असताना?

मला कबूल केलं पाहिजे, की पहिल्या क्षणी मला आनंद झाला. वायसर, स्कूटर, कलिंगड, सगळं एका रांगेत उभं राहिलं आणि टाळ्या वाजवायला लागलं.

मग मी मंजिरीकडे बघितलं. ती पवनचक्कीच्या कठड्याशी उभी होती. फोटो काढायला उचललेला मोबाइल तसाच हातात होता. ती वर बघत नव्हती, नानांकडेही बघत नव्हती. ती समोरच्या घराची माडी बघत होती आणि तिच्या चेहऱ्यावरून कळत होतं, की तिसरी हाक आता कुठं ठेवायची हे तिला समजत नाही.

"अहो," ती हळूच मला म्हणाली, "रेल्वे नसेल तर..."

तिनं वाक्य पुरं केलं असतं, तर ते परत मागे घेता आलं नसतं. मी तोंडातली चकली गिळली.

"ती खाली नेली," मी म्हणालो.

"काय?" गुळवणी म्हणाले.

"रेल्वे. जमिनीखाली नेली. बोगदा केला आणि वरचा पूल पाडला. आपण तिच्यावरच उभे आहोत."

हे मी कुठून आणलं ते मला ठाऊक नाही. इतकी मोठी, इतकी खर्चीक थाप माझ्या तोंडून आधी कधी गेली नव्हती. मी साधा रजेचा अर्ज लिहिताना दोनदा खोडतो.

"एवढी मोठी रेल्वे, आणि खाली?"

"हे लोक समुद्र मागे सारतात, जज्जसाहेब. रेल्वे खाली सारणं म्हणजे काय?"

"कोण म्हणतं?"

"मी वाचलं. कशात ते आठवत नाही, पण झाडं बघा. सगळी नवी आहेत. जुन्या गावात सगळी झाडं नवी कशी?"

गुळवणींनी झाडं पाहिली. काठ्या पाहिल्या. त्यांचा कायदा परिस्थितिजन्य पुराव्यावर पोसलेला होता, त्यामुळे त्यांनी उलटतपासणी तहकूब केली. कुणीतरी पायाखालच्या रस्त्यावर चप्पल आपटून बघितली. एक काकू म्हणाल्या, "जाणवतंय हो, हादरे जाणवतात." मंजिरीनं खाली बघितलं, मग माझ्याकडे, आणि मोबाइल उचलून समोरच्या माडीचा फोटो काढला.

नाना माझ्याकडे बघत राहिले.

"खाली नेली?" ते म्हणाले.

"हो, नाना."

"मग बरोबर," ते म्हणाले. आवाज बारीक होता. त्यांनी माझ्या हातातली छत्री घेतली आणि ती उन्हातच उघडली. मी मनात म्हटलं, काय नट आहे हा माणूस.

पण पुण्य एकदा केलं की ते राखावं लागतं. चौकात मार्लीस होती आणि मार्लीस ह्याच देशाची होती. मी मंडळींच्या पुढे जवळजवळ पळत गेलो. एका बाजूला चर्चचा उंच मनोरा, दुसऱ्या बाजूला नगरपालिका, आणि ती इतकी देखणी, की पाणीपट्टी भरायला माणूस कुटुंबासह जाईल. मधे फरसबंदीवर टेबलं मांडलेली. मार्लीस वेटरला माणसं सांगत होती. मी तिला बाजूला घेतलं.

"एक विनंती आहे," मी इंग्रजीत म्हणालो. "ते उंच गृहस्थ, न्यायाधीश, तुम्हांला रेल्वेबद्दल विचारतील. ती जमिनीखाली नेली का, म्हणून. तुम्ही कृपा करून हो म्हणा."

ती माझ्याकडे बघायला लागली. "पण ती खरंच..."

"खरं काय ते मला ठाऊक आहे," मी घाईनं म्हटलं. मंडळी येताना दिसत होती. "प्रश्न खऱ्या-खोट्याचा नाही. माझ्या सासऱ्यांच्या अब्रूचा आहे. माझ्या बायकोचाही."

"पण सर, मी तुम्हांला सांगते की..."

"काही सांगू नका. फक्त हो म्हणा." आणि मी तिच्या हातात चकल्यांची पिशवी ठेवली.

तिनं पिशवीत पाहिलं. मग माझ्याकडे. डच माणसं तोंडावर खरं बोलतात असं आम्ही ऐकलं होतं. समीरच्या शेजारणीनं त्याला नवा शर्ट वाईट दिसतो असं जिन्यात थांबवून सांगितलं होतं. अशा देशातली ही मुलगी. तिच्या डोळ्यांत मला एक लढाई दिसली.

"मी हो म्हणेन," ती सावकाश म्हणाली. "ह्याच्याशिवायही म्हटलं असतं." पण पिशवी तिनं परत केली नाही.

मला गहिवरून आलं. रॉटरडॅमची कमान, तो पूल, समुद्राची दारं, हे सगळं मला एकदम किरकोळ वाटलं. जो समाज परक्या म्हाताऱ्याच्या अब्रूसाठी आपला स्वभाव बाजूला ठेवतो, तो मोठा. हे मी नंतर कॉलेजच्या वार्षिकातही लिहिलं, नावं वगळून.

जेवताना गुळवणींनी विचारलं नाही. ते पॅनकेकवर चटणी मिळेल का ह्या चौकशीत होते. हेगला जाताना मी मुद्दाम त्यांच्या शेजारी बसलो आणि त्यांना त्यांचे गाजलेले खटले विचारले. असं करणारा मी त्या वर्षातला पहिलाच असावा, कारण त्यांचे डोळे पाणावले. हेगमध्ये तळ्याकाठी जुना वाडा आहे, तिथून हा देश चालतो. तळ्यात वाड्याचं प्रतिबिंब पडतं आणि ते वाड्याइतकंच सरळ असतं. पंतप्रधान इथं सायकलवरून येतात, असं मार्लीस म्हणाली. आमच्यातल्या कुणालाच ते पटलं नाही, पण सगळ्यांना आवडलं.

मग शांतता महाल आला. लाल विटांचा, मनोऱ्यांचा, लोखंडी फाटकाआड. आत जगाचं न्यायालय बसतं. गुळवणी फाटकाशी उभे राहिले, कोटाची बटणं लावली आणि आतल्या इमारतीला हात जोडले. मला वाटलं, सुटलो. पण न्यायालय बघून त्यांच्यातला न्यायाधीश जागा झाला. ते वळले.

"मॅडम," त्यांनी सगळ्यांसमोर मोठ्यांदा विचारलं, "डेल्फ्टमध्ये पुलावरून जाणारी रेल्वे होती काय? आणि ती जमिनीखाली नेली, हे खरं काय?"

नाना मंजिरीच्या शेजारी उभे होते. मंजिरीनं त्यांचा दंड धरला.

मार्लीसनं आधी माझ्याकडे बघितलं. मी डोळ्यांनी हात जोडले.

"हो," ती म्हणाली. "होती. पवनचक्कीच्या अगदी जवळून जायची. दोन वर्षांपूर्वी बोगद्यात गेली." आणि मग, मी सांगितलेलं नसताना, तिनं आपल्या पदरचं घातलं. "बोगद्याच्या कामासाठी ती अख्खी पवनचक्कीसुद्धा जमिनीपासून उचलून धरली होती."

मी मान खाली घातली. पवनचक्की उचलली! एवढं करायची गरज नव्हती. गुळवणी काही हे मानणार नाहीत, असं मला वाटलं. पण ते म्हणाले, "साक्षीदार स्वतंत्र आहे," आणि नानांपुढे जाऊन त्यांनी हात पुढे केला. "आळतेकर, शब्द मागे घेतो."

"शब्द कसला, जज्जसाहेब," नाना म्हणाले. "मी स्वतःच घाबरलो होतो."

मंजिरी रडली. लगेच पुसलं आणि सर्दी आहे म्हणाली.

शेवटी एका बागेत नेलं. तिथं हा सगळा देश गुडघ्याएवढा करून ठेवलेला आहे. चर्च, कालवे, विमानतळ, आणि मधून सुळसुळ फिरणाऱ्या वीतभर रेल्वेगाड्या. नाना बाकावर बसून त्या गाड्या बघत होते. मी जाऊन बसलो.

"जावईबापू, तुम्हांला हे ठाऊक कसं?"

"कोणतं?"

"खाली नेल्याचं. मला ठाऊक नाही, समीर इथं राहतो, तो काही बोलला नाही. तुम्हांला कसं?"

त्यांचे डोळे इतके निर्मळ होते, की मी मनातल्या मनात टोपी काढली. पाववाल्यासारखी.

"वाचलं होतं, नाना."

"बरं झालं वाचलंत. मला वाटलं, डोकं गेलं माझं." त्यांनी एक वीतभर गाडी वळणाआड जाऊ दिली. "डेल्फ्टला असा जावई मिळायचा नाही."

त्या दिवसापासून त्यांनी मला वायसरवरून काही म्हटलं नाही. मी सांगलीला गेलो की उठून खुर्ची देत. पेपरातलं काही अडलं की मला फोन करत, "तुम्ही वाचलं असेल," म्हणून. ह्याचा अर्थ मी बरोबर लावला होता. पकडलेला माणूस असाच वागतो. मी ते कधी बोलून दाखवलं नाही. एका म्हाताऱ्याचं खोटं आपण छातीशी धरून आहोत, ह्या जाणिवेनं माझी चालही जरा बदलली होती. अकरा महिने ते कुठं होते, ह्याची मी दोन-तीन उत्तरं तयार केली होती आणि सगळ्या उत्तरांत त्यांना माफ केलं होतं.

बावीस साली ते अंथरुणाला खिळले. शेवटच्या आठवड्यात एका दुपारी खोलीत आम्ही दोघंच होतो. मी त्यांचा हात हातात घेतला.

"नाना, मला सगळं ठाऊक आहे. मनात काही ठेवू नका."

"काय ठाऊक आहे?"

"डेल्फ्ट."

ते हसले. बराच वेळ हसत होते, मग खोकला आला. "तुम्हांला ठाऊक असणारच," ते म्हणाले. "एक करा. मंजिरीला एकदा तिथं रेल्वेनं घेऊन जा. बसनं नको. रेल्वेनं."

मी हो म्हटलं. मरणाऱ्या माणसाला गंमत सुचते, ह्याचं मला कौतुक वाटलं.

पुढच्या वर्षी मी, मंजिरी आणि समीर डेल्फ्टला रेल्वेनं गेलो. मंजिरी खिडकीशी होती. हेग मागे पडलं, कुरणं आली, गाई आल्या, घरं सुरू झाली, आणि एकाएकी खिडकीत अंधार झाला. काचेत मला माझंच तोंड दिसलं.

"हे काय?" मी विचारलं.

"बोगदा," समीर मोबाइलमधून मान वर न करता म्हणाला. "पंधरा सालापासून आहे. आधी वरून जायची, पुलावरून. मी आलो तेव्हा काम चालू होतं. ती पवनचक्कीपण उचलली होती, अख्खी."

"तू नानांना कधी सांगितलं नाहीस?"

"त्यात सांगायचं काय?"

मंजिरी माझ्याकडे वळली. "अहो, तुम्ही तर तेव्हाच सांगितलं होतंत की," ती म्हणाली, आणि पर्स खांद्याला लावून उतरायच्या तयारीला लागली.

डेल्फ्टचं स्टेशन जमिनीखाली आहे. वर यायला सरकता जिना आहे.